रिडिम जपायचा म्हणजे नेमके काय जपायचे?

खर्ज

1967 साली जमैकाची राजधानी किंग्स्टन इथल्या ब्रेंटफर्ड रोडवरील स्टुडिओ वनमध्ये आल्टन एलिस या गायकाने एक प्रेमगीत ध्वनिमुद्रित केले. दहा वर्षांनी जो गिब्स या निर्मात्याने त्या गाण्याची साथ नव्याने वाजवून घेतली आणि मार्शिया एटकेन या गायिकेकडून तेच गाणे स्त्रीच्या बाजूने म्हणवून घेतले. पाठोपाठ त्याच साथीवर ट्रिनिटी नावाच्या डीजेने आपल्या थ्री-पीस सुटाची ऐट मिरवली. त्याला उत्तर म्हणून अल्थिया आणि डॉना या दोन किशोरवयीन मुलींनी, पुन्हा त्याच साथीवर, जे गाणे म्हटले ते फेब्रुवारी 1978 मध्ये ब्रिटनच्या यादीत पहिल्या क्रमांकावर जाऊन बसले. पुढे पाव शतकाने शॉन पॉल आणि साशा यांनी ते पुन्हा गायिले. एलिस 2008 साली लंडनमध्ये वारले. आपल्या गाण्याने इतरांची घरे भरली आणि आपल्या हाती काही लागले नाही, ही तक्रार ते अखेरपर्यंत करीत राहिले.

या सगळ्या गाण्यांच्या तळाशी जी बेस आणि ड्रमची चौकट आहे, तिला जमैकात रिडिम म्हणतात. शब्द इंग्रजीतला 'रिदम'च, फक्त तिथल्या बोलीत घोळलेला. त्याचा अर्थ मात्र केवळ ताल असा नाही. बेसची एक ठरावीक सुरावट, तिच्याशी जखडलेला ड्रमचा ठेका, वर गिटारचा किंवा ऑर्गनचा ऑफबीटवरचा, म्हणजे दोन मात्रांच्या मधला, ठोका, एवढे मिळून एक रिडिम होतो. त्याला स्वतःचे नाव असते, आणि गाणे विसरले गेले तरी ते नाव उरते. 'रिअल रॉक', 'फुल अप', 'स्टॅलाग' ही नावे जमैकातील श्रोत्याला आपल्याकडच्या रागनामांइतकी परिचित असतात. (आणि तिथे डीजे म्हणजे तबकडीवर बोलणारा, तबकडी लावणारा नव्हे. लावणाऱ्याला सिलेक्टर म्हणतात. हा घोळ मीही बरीच वर्षे घातला आहे.)

हे सगळे शक्य झाले ते यंत्राच्या एका मर्यादेमुळे. साठच्या दशकात क्लेमेंट 'कॉक्सन' डॉड यांच्या स्टुडिओ वनमध्ये दोन ट्रॅकचे यंत्र होते. एका ट्रॅकवर सगळी वाद्ये आणि दुसऱ्यावर गळा. त्यामुळे गळा बाजूला काढला की साथ अखंड हाती येई. तिचे मोल कळले ते मात्र चुकीतून. स्पॅनिश टाउनचे साउंड सिस्टिमवाले (मोठमोठे स्पीकर लावून तबकड्यांवर नाच भरवणारे) रडी रेडवुड यांच्यासाठी ड्यूक रीड यांच्या ट्रेझर आयल स्टुडिओत पॅरगन्स या त्रिकुटाच्या गाण्याची तबकडी कापली जात होती आणि यंत्रावर बसलेला माणूस गळ्याचा ट्रॅक उघडायला विसरला. रेडवुड यांनी ती तबकडी तशीच नाचाला लावली, आणि जमाव स्वतःच गाऊ लागला. तेव्हापासून 45 आरपीएमच्या तबकडीच्या पाठीवर 'व्हर्जन' या शब्दाखाली गळ्याविना साथ छापण्याचा रिवाज पडला. 1970 मध्ये यू-रॉय या डीजेंनी रीड यांच्या जुन्या साथींवर आपले बोलणे चढवले आणि जमैकाच्या यादीतील पहिल्या तीन जागा एकट्याने अडवल्या. 1974 मध्ये रुपी एडवर्ड्स यांनी एकाच रिडिमवरील गाण्यांची अख्खी लाँगप्ले काढली. ग्राहक एकच साथ बारा वेळा ऐकायला पैसे मोजतो, हे आपल्याला चमत्कारिक वाटेल. पण तिथे ऐकणाऱ्याचे कुतूहल या माणसाने याच चौकटीत वेगळे काय केले, याविषयीचे असते.

माझा प्रश्न इथून सुरू होतो. या रिडिमांचा वारसा जपण्याच्या गोष्टी हल्ली पुष्कळ होतात. 2018 मध्ये युनेस्कोने जमैकाच्या रेगेला अमूर्त वारशाच्या यादीत स्थान दिले. पण रिडिमाच्या बाबतीत जपायचे काय? टेप, बेसची सुरावट, की ती वाजवणाऱ्याचे नाव? माझ्या मते रिडिम टिकले ते कोणी जपले म्हणून नव्हे, तर सतत वापरले म्हणून. पण त्याच वापरात वाजवणाऱ्यांची नावे झिजून गेली. 'साउंड डायमेन्शन' असे लेबलवर छापलेले असते. त्या नावामागे जॅकी मिटू यांचा ऑर्गन आणि कैकदा लेरॉय सिबल्स यांचा बेस आहे, हे तबकडी सांगत नाही. सदस्यांनी मते मांडावीत.

मुळामुठा

धागा आवडला. वाचताना सारखी संगीत नाटकांची जुनी पुस्तके आठवत होती. प्रत्येक पदाच्या डोक्यावर 'चाल' असे लिहून पुढे कुठल्या तरी लावणीचे, ठुमरीचे किंवा कानडी पदाचे तोंड दिलेले असे. मूळ गाणे कोणाचे, हे प्रेक्षकांपैकी कित्येकांना ठाऊक असे आणि त्यात कोणालाही चोरी वाटत नसे. रिडिम म्हणजे आपली चालच नव्हे काय?

पंचमनिषाद

मुळामुठा, तुलना मोहक आहे, पण मला ती उलटी वाटते. आपल्या चालीत गळ्याची सुरावट कायम राहते आणि शब्द बदलतात. रिडिमात गळ्याची सुरावट पूर्ण बदलते आणि खालची चौकट कायम राहते. आपल्याकडे याला जवळचे काही असेल तर ते तबल्याच्या एकलवादनातील लेहरा. सारंगीवर किंवा पेटीवर तोच नगमा तासभर फिरत राहतो आणि त्याच्यावर तबलजी आपले कायदे-रेले मांडतो. लेहऱ्याकडे कोणी लक्ष देत नाही, पण तो डळमळला तर सगळे कोसळते.

फरक एवढाच की लेहरेवाला निदान मंचावर बसलेला दिसतो. किंग्स्टनचा बेसवादक दिसतही नाही. गाण्यामागे ठरलेले पैसे घेऊन तो घरी जातो, आणि त्या दुपारी सुचलेली चार मात्रांची सुरावट पुढे पन्नास वर्षे दुसऱ्यांच्या नावावर वाजत राहते. सिबल्स हेप्टोन्स या चमूचे मुख्य गायक होते, म्हणून त्यांचे नाव आपल्याला निदान ठाऊक आहे.

टेपवाला

माझा व्यवसाय जुन्या टेप आणि तबकड्या डिजिटल करण्याचा आहे. रेगे मी हौसेने ऐकतो, त्यामुळे दोन्ही बाजूंनी थोडे लिहितो.

'टेप जपा' म्हणणे सोपे आहे. साठच्या दशकातील बऱ्याच टेपांचा पाया अ‍ॅसिटेटचा असतो. तो कोरडा पडून काडीसारखा तुटतो, किंवा डबा उघडताच व्हिनेगरचा वास येतो. तो वास एकदा सुरू झाला की उलट फिरवता येत नाही. केवळ थंडाव्याने आणि कोरडेपणाने वेग मंदावतो. सत्तरच्या दशकाच्या मध्यापासून बाजारात आलेल्या बऱ्याच टेपांचे दुखणे वेगळे. त्यांत चुंबकीय भुकटी धरून ठेवणारा डिंक हवेतील ओलावा पितो आणि टेप यंत्राच्या डोक्याला चिकटू लागते. ती सुमारे पन्नास-पंचावन्न अंश सेल्सिअसवर काही तास शेकली की थोड्या आठवड्यांपुरती वाजवण्याजोगी होते, तेवढ्यात उतरवून घ्यायची. हा उपाय अ‍ॅसिटेटच्या टेपवर केलात तर ती कायमची जाते. म्हणून आधी टेप उजेडासमोर धरून ओळखायची: अ‍ॅसिटेटच्या गुंडाळीतून उजेड आरपार येतो. किंग्स्टनची हवा कोकणासारखी दमट आणि उष्ण आहे, तेव्हा तिथल्या साठ्याची कल्पना करावी.

यात आणखी एक भर. कोरी टेप आयात करावी लागे आणि महाग पडे, म्हणून चालून गेलेल्या गाण्यावर दुसरे मुद्रण करणे ही कंजुषी नव्हती, रोजचा व्यवहार होता. शिवाय सत्तरच्या दशकाच्या अखेरीस चॅनल वन स्टुडिओने स्टुडिओ वनचे जुने रिडिम नव्या दमाच्या ड्रमवर वाजवून बाजार खेचला, तेव्हा डॉड यांनी आपल्या मूळ टेपा बाहेर काढल्या, त्यांवर नवी वाद्ये चढवली आणि शुगर मिनॉट, जॉनी ऑस्बोर्न अशा तरुण गायकांना त्यांवर गाऊ घातले. त्यातून अप्रतिम गाणी निघाली. मात्र पुढच्या पुनर्मुद्रणांत 1967 चे म्हणून जे वाजते त्यात 1979 ची भर किती, हे कानाने निवडत बसावे लागते.

त्यामुळे जुन्या रेगेची आज मिळणारी कितीतरी पुनर्मुद्रणे टेपवरून नव्हे, तर बऱ्या स्थितीतील तबकडीवरून केलेली असतात. ही तबकडी बहुधा किंग्स्टनमध्ये नसते. ती लंडन, बर्मिंगहॅम किंवा टोकियोमधील एखाद्या संग्राहकाच्या कपाटात असते. लेबल कोरे असते किंवा त्यावर भलतेच नाव असते. अशा वेळी शेवटच्या खाचेजवळ खरवडलेला मॅट्रिक्स क्रमांक (तबकडीच्या साच्याचा क्रमांक) आणि निर्मात्याची आद्याक्षरे एवढाच पुरावा उरतो. तबकडी धुताना मी सर्वप्रथम तो क्रमांक वहीत उतरवतो.

आपल्याकडे 78 आरपीएमच्या बाबतीत वेगळे काही घडलेले नाही. मुंबईत 1990 मध्ये सोसायटी ऑफ इंडियन रेकॉर्ड कलेक्टर्स उभी राहिली ती हौशी माणसांच्या बळावर.

न्यूजर्सीकर

नावांचा विषय निघाला आहे म्हणून 'स्टॅलाग'ची हकिकत सांगतो. विन्स्टन रायली यांनी निर्मिलेला आणि अ‍ॅन्सेल कॉलिन्स यांनी वाजवलेला हा रिडिम 1973 चा. 1982 मध्ये त्यावर सिस्टर नॅन्सी या तरुणीने 'बॅम बॅम' म्हटले आणि 1985 मध्ये टेनर सॉ या गायकाने त्याच रिडिमवर साउंड सिस्टिमच्या लढतीचे जणू रणगीतच गायिले. 'बॅम बॅम'चे तुकडे पुढे कान्ये वेस्ट आणि जे-झी यांनीही वापरले. नॅन्सी मात्र दरम्यान आमच्या राज्यात येऊन बँकेत हिशेबाची नोकरी करीत होत्या. तीस वर्षांहून अधिक काळ त्यांना या गाण्याचे मानधन मिळाले नव्हते. 2014 च्या सुमारास टीव्हीवर बुटांच्या एका जाहिरातीत स्वतःचाच आवाज ऐकू आला, तेव्हा त्यांनी वकील गाठला आणि हक्कांतला वाटा पदरात पाडून घेतला.

ही व्यवस्था इतकी सैल का होती, याचे एक कारण कायद्यात आहे. जमैका 1962 मध्ये स्वतंत्र झाला, पण त्याचा स्वतःचा आधुनिक कॉपीराइट कायदा 1993 मध्ये आला. तोपर्यंत 1911 च्या ब्रिटिश कायद्यावर काम चालले होते. रॉकस्टेडी, रेगे, डब आणि डान्सहॉल या जमैकन संगीतप्रकारांची सगळी घडण त्या मधल्या तीन दशकांतली आहे. 2015 च्या दुरुस्तीने मुदत 95 वर्षे केली आणि तिचा लाभ 1962 पर्यंत मागे नेला. म्हणजे देशाच्या जन्मापासूनचे संगीत कुंपणात आले. मात्र कुंपणाच्या दारावर बहुतेक वेळा निर्मात्याची पाटी आहे, बेसवादकाची नाही.

अधांतरी

न्यूजर्सीकर, सिस्टर नॅन्सींवर अन्याय झाला हे मान्य. पण हाच कायदा 1967 मध्ये आणि कडकपणे राबवला गेला असता तर 'बॅम बॅम' निर्माण तरी झाले असते का? प्रत्येक साथीसाठी परवानगी आणि आगाऊ रक्कम लागली असती, तर किंग्स्टनच्या ट्रेंचटाउनसारख्या गरीब वस्तीतील पोराला माइकपाशी कोणी उभे केले नसते. रिडिम ही चीज सैलपणातूनच जन्मली आहे. आता तिच्यावर मागच्या तारखेने कुलूप लावणे, हे जपणे नव्हे.

सध्या अमेरिकेत चाललेला खटला पाहा. स्टीली आणि क्लीव्ही या जमैकन निर्मात्यांच्या जोडीचा 1989 चा 'फिश मार्केट' हा रिडिम शॅबा रँक्स यांच्या 1990 च्या गाण्यातून पनामा, न्यूयॉर्क आणि प्वेर्तो रिको अशा वाटेने गेला आणि रेगेटोन या अख्ख्या लॅटिन अमेरिकी संगीतप्रकाराचा ठेका बनून बसला. 2021 मध्ये क्लीव्ही यांनी आणि दिवंगत स्टीली यांच्या वारसांनी कॅलिफोर्नियात दावा लावला. प्रतिवादींची संख्या शंभरावर गेली आहे. दावा उंबरठ्यावरच फेटाळावा ही त्यांची मागणी 2024 मध्ये न्यायालयाने मानली नाही. वादी जिंकले तर मला व्यक्तिशः आनंद होईल, कारण त्या दोघांनी यंत्रावर बसून खरोखर काही नवे घडवले. पण उद्या दादऱ्याचा मालक कोण, असा प्रश्न आला तर?

पंचमनिषाद

अधांतरी, दादरा कोणी एका दुपारी यंत्रावर बसून रचलेला नाही. 'फिश मार्केट' रचलेला आहे, त्याची टेप आहे, तारीख आहे. ही तुलना टाळ्या घेईल, टिकणार नाही.

खर्ज

वाद रंगला आहे, म्हणून दोन्ही बाजूंना अडचणीत आणणारे एक उदाहरण देतो. 1985 मध्ये वेन स्मिथ या तरुण गायकाने आणि नोएल डेव्ही यांनी कॅसिओच्या एमटी-40 या छोट्या कीबोर्डमधील 'रॉक' नावाची तयार साथ किंग्स्टनचे निर्माते जॅमी यांच्याकडे नेली. जॅमींनी तिचा वेग उतरवला आणि 'स्लेंग टेंग' जन्मला. त्या वर्षीच्या 23 फेब्रुवारीला, ब्लॅक स्कॉर्पिओ साउंड सिस्टिमशी झालेल्या लढतीत तो वाजला आणि जमैकातील माणसांनी वाजवलेल्या साथीचे युग जवळपास एका रात्रीत ओसरले. त्यावर शेकडो गाणी झाली.

ती साथ कीबोर्डमध्ये भरणारी व्यक्ती म्हणजे कॅसिओत नुकत्याच रुजू झालेल्या ओकुदा हिरोको. त्यांनी टोकियोच्या संगीत महाविद्यालयात पदवीचा प्रबंध रेगेवरच लिहिला होता, हे वाचले तेव्हा मी खुर्चीतून उठून खोलीत दोन फेऱ्या मारल्या. 'रॉक' हे नाव देऊन त्यांनी जे बसवले त्याच्या आत रेगे आधीपासून मुरलेला होता, आणि तो समुद्रापलीकडे आपल्या घरी परतला! कंपनीने पैसे मागितले नाहीत. कोणी विचारलेच, तर हा आवाज आमच्या एमटी-40 मधला आहे एवढा उल्लेख तिला पुरेसा वाटला.

मला हा नमुना महत्त्वाचा वाटतो. वापर मोकळा राहिला आणि नावही राहिले. हे औदार्य कीबोर्ड विकून नफा कमावणाऱ्या कंपनीला परवडते, हे खरे. गाण्यामागे ठरीव मजुरी घेतलेल्या बेसवादकाकडून त्याची अपेक्षा करणे निर्दयपणाचे होईल, म्हणून पैशाच्या प्रश्नावर मी न्यूजर्सीकरांच्या बाजूने आहे. मात्र अधांतरी यांच्या एका शब्दाशी मी सहमत आहे: कुलूप. ज्या रिडिमवर गेल्या दहा वर्षांत एकही नवे गाणे झाले नाही, त्याची टेप चोवीस बिटांत उतरवून थंड खोलीत ठेवली तरी जमैकाच्या अर्थाने तो रिडिम वाचला असे मी म्हणणार नाही.

टेपवाला

म्हणणार नसाल, पण टेप उतरवली नाही तर नवे गाणे कशावर करणार? नव्याने वाजवून घेतलेला 'रिअल रॉक' आणि मूळचा 'रिअल रॉक' यांत बेसची सुरावट तीच असते, पण खोली तीच नसते. ब्रेंटफर्ड रोडच्या त्या खोलीचा घुमारा सुरावटीत लिहिता येत नाही, तो फक्त टेपमध्ये आहे.

सांजवात

भाबडा प्रश्न विचारते. 'दिवाळी' नावाचाही एक रिडिम आहे असे ऐकले. हा योगायोग आहे का?

न्यूजर्सीकर

नाव तेच आहे आणि सणही तोच. स्टीव्हन 'लेंकी' मार्सडेन यांचा हा रिडिम. त्यात ड्रमपेक्षा टाळ्यांचा आडवा-तिडवा ठेकाच जास्त लक्षात राहतो. 2003 मध्ये त्यावरचे शॉन पॉल यांचे गाणे अमेरिकेच्या यादीत पहिले आले, आणि वेन वंडर व लुमिडी यांची गाणीही त्याच सुमारास, त्याच साथीवर गाजत होती. रेडिओवर लागोपाठ तीन गाणी एकाच साथीची ऐकून आमच्या शेजाऱ्यांना स्टेशन बिघडले असे वाटले होते.

जमैकात दिवाळी हा शब्द परका नाही. 10 मे 1845 रोजी पहिले गिरमिटिये तिथे उतरले, आणि 1917 पर्यंत सुमारे 36,000 भारतीय मजूर उसाच्या आणि केळीच्या मळ्यांवर गेले. ते मुख्यतः उत्तर भारतातले होते, महाराष्ट्रातले नव्हेत, तेव्हा उगाच आपले नाते जोडायला नको. गांजा आणि चिलीम हे शब्दही त्यांच्याबरोबरच गेले, आणि रेगेच्या गाण्यांत ते किती वेळा येतात हे सांगायला नको.

मुळामुठा

अवांतर : खर्ज यांनी लिहिलेले दोन ट्रॅकचे प्रकरण करून पाहिले. माझ्याकडे हेप्टोन्सची एक जुनी स्टीरिओ लाँगप्ले आहे. अ‍ॅम्प्लिफायरचे बॅलन्सचे बटण पूर्ण एका बाजूला फिरवले, तर गायक खरोखरच निघून गेले आणि बेस, ड्रम, ऑर्गन एवढेच उरले. पण पूर्ण शांतता झाली नाही. आवाज चढवल्यावर मागे कुठेतरी, बंद दाराआडून यावे तसे, गाणे बारीक ऐकू येत राहते. माझी तबकडी खराब आहे का?

टेपवाला

तबकडी ठीक आहे. वाद्ये आणि गायक एकाच खोलीत, एकाच वेळी गात-वाजवत असतील तर वाद्यांच्या माइकमध्ये गळा थोडा सांडतोच. आता बटण उलट्या बाजूला फिरवून पाहा. गायकांच्या मागे बेस तसाच सांडलेला ऐकू येईल. आणि जमल्यास शेवटच्या खाचेजवळचा मॅट्रिक्स क्रमांक इथे लिहा.